मास्तरांच्या पायाखालचा ब्रेक

गाडी शिकवणाऱ्या मास्तरांची मुलगी ड्रायव्हिंगच्या परीक्षेत तीनदा नापास झाली, हे माहीत नसलेला माणूस सापडणं कठीण, कारण ती स्वतःच ते सांगत सुटते. शाळेत ती गणिताची बाई. चाळीस पोरांना दरवर्षी काठावर पास करून पुढे ढकलणाऱ्या बाईला एक गाडी पुढे नेता येत नाही, असं ती म्हणते. दिव्याखाली अंधार ही म्हण आपल्याकडे बघूनच कोणीतरी रचली असावी, असाही तिचा दावा आहे.

मास्तरांच्या शिकवायच्या गाडीत शेजारच्या सीटपुढेही एक ब्रेक होता, आणि चाळीस वर्षं मास्तरांचा उजवा पाय त्यावर होता. सवय घरातही शिरली. मुलगी चहात दुसरा चमचा साखर घालायला लागली की टेबलाखाली त्यांचा पाय दाबला जायचा. शिकायला येणाऱ्यांशी ते गोड बोलायचे. मुलीला मात्र ‘धांदरट’ यापलीकडे हाक नव्हती. तिला गाडीत घेऊन ते एकदाच बसले आणि दुसऱ्या वळणावर किल्ली काढून पायी घरी आले. पुढे ती दुसरीकडे शिकली, म्हणजे शिकलीच नाही.

उभ्या जन्मात ज्यांनी गाडीला ओरखडा येऊ दिला नाही, ते मास्तर अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी बाथरूममध्ये घसरले. डाव्या खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, आणि तिसऱ्या दिवशी दुपारी मुलगी डबा घेऊन गेली तर ते सलाइनची नळी ओढत होते. सीटबेल्ट अडकलाय, म्हणाले. गाडी भर रस्त्यात बंद पडलीय, मागे रांग लागलीय, उतरायला हवं. डॉक्टरांनी मुलीकडे बोट दाखवून विचारलं, या कोण? मास्तरांनी डोळे बारीक करून पाहिलं.

“नवीन प्रवेश असावा,” ते म्हणाले.

बापाने शिव्या दिल्या असत्या तरी तिला चाललं असतं. डॉक्टरांनी तिला बाजूला घेऊन समजावलं की हे वेड नाही. ऑपरेशन, ताप, औषधं, अनोळखी खोली आणि मोडलेली झोप यांनी म्हाताऱ्या माणसांना असा भ्रम होतो आणि बहुतेक वेळा तो काही दिवसांत उतरतो. ओळखीचं माणूस शेजारी असावं. मग त्यांनी विचारलं, यांचा चष्मा कुठे आहे? कानातलं यंत्र?

दोन्ही घरी, कपाटात, कुलपात. हॉस्पिटलात हरवायला नको म्हणून तिनेच जपून ठेवलेलं. बापाला आंधळा-बहिरा करून परक्या खोलीत निजवायचं, आणि तो ओळखत नाही म्हणून वर रडायचं. अति शहाणा त्याचा बैल रिकामा, हे तिने रिक्षात स्वतःलाच ऐकवलं आणि दोन्ही वस्तू घेऊन आली.

पण भ्रम काही लगेच उतरला नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत मास्तरांनी दोनदा पाय खाली सोडले. सिस्टर कागद घेऊन आली. पडले तर ऑपरेशनचा पाय कायमचा जाईल, ती म्हणाली. नाइलाज झाला तर हात बांधावे लागतील, त्यासाठी सही लागेल. मुलीने पेन हातात घेतलं. मास्तरांनी चादर बाजूला केली.

आणि तेव्हा तिला मास्तरांचा एक नियम आठवला. शिकणारा माणूस गाडी चालवत असेल तोवर मास्तर गाडीतून उतरत नाही. आख्ख्या चाळीस वर्षांत तो त्यांनी एकदाच मोडला होता, तिच्या वेळी.

तिने पेन ठेवलं, जेवणाचं रिकामं ताट दोन्ही हातांत धरलं आणि म्हणाली, “मास्तर, मी गाडी सुरू करते.”

मास्तरांचा पाय चादरीत परत गेला. “त्या बाजूला नाही, बाई. उजवीकडे बसा.”

तिने खुर्ची ओढत पलंगाला वळसा घातला. वॉर्डातले पाच पेशंट आणि त्यांचे नातेवाईक बघत होते. शाळेतलं कोणी यात नसावं एवढी प्रार्थना करून गणिताच्या बाईंनी ताट फिरवायला सुरुवात केली.

लागोपाठ दोन दिवस संध्याकाळी ती अशी गाडी चालवत राहिली. कागद सहीवाचून परत गेला. आरसा बघा, मास्तर सांगायचे. घाई नको, रस्ता कुठे पळून जात नाही. चुकलं तर चुकू द्या, ब्रेक माझ्याकडे आहे. हा आवाज तिने जन्मात ऐकला नव्हता. त्या नव्या शिकणारीचा तिला हेवा वाटायला लागला, म्हणजे स्वतःचाच, आणि एवढा मूर्खपणा तिलाही नवा होता.

दुसऱ्या संध्याकाळी तिने विचारलं, “मास्तर, तुमच्या मुलीला का नाही शिकवलंत?”

चादरीखाली पाय दाबला गेला.

“तिच्या शेजारी बसलो की माझाच पाय लटपटतो, बाई. तुमचं तसं नाही. तिला काही झालं तर मी काय करू? मग मी ओरडतो, आणि ती बिचारी आणखी चुकते.” मग तिच्याकडे वळून ते म्हणाले, “समोर बघा. रडत गाडी चालवायची नसते.”

ती रात्र मास्तर सलग झोपले. सकाळी ताप नव्हता. डॉक्टरांनी विचारलं, कुठे आहात? हॉस्पिटलात, मास्तर म्हणाले, आणि तुमचा तो पंखा खडखडतोय. या कोण? मास्तरांनी चष्मा सारखा केला.

“माझी मुलगी. धांदरट आहे. तीनदा नापास झालीय.”

सगळा वॉर्ड हसला. भर सभेत एवढी अब्रू गेल्याचा इतका आनंद तिला कधीच झाला नव्हता. डोळे पुसायचे तर हात मोकळे नव्हते; रात्री गाडी कधीही सुरू करावी लागेल म्हणून धरलेलं ताट अजून सुटलं नव्हतं.

“आणि हिच्या हातात ताट कशाला?” मास्तरांनी विचारलं.

“बाबा, बरे झालात की मला गाडी शिकवाल?”

चादरीखाली मास्तरांचा पाय दाबला गेला. बराच वेळ तसाच राहिला. मग हळूच सैल पडला.

“आधी ते ताट खाली ठेव,” ते म्हणाले.