सोबत जोडलेली फाइल

आमच्या घराण्यात तक्रार लेखी करायची पद्धत आहे. वडिलांनी उभ्या आयुष्यात कुणावर आवाज चढवला नाही, पण पत्रं मात्र भरपूर लिहिली. पाणी उशिरा आलं की महापालिकेला, पोस्टमनने बेल न वाजवता पाकीट टाकलं की पोस्टमास्तरांना, दिवाळी अंकात शुद्धलेखनाची चूक निघाली की थेट संपादकांना. खाली कार्बन ठेवून लिहायचे, म्हणजे एक प्रत घरात राहायची. संध्याकाळी कुणी आलं की ती प्रत वाचून दाखवली जायची आणि लोक पोट धरून हसायचे. पत्राच्या दुसऱ्या टोकाला ते वाचणारा एक माणूस बसलेला असतो, हे आमच्या घरात कुणाच्या कधी डोक्यात आलं नाही. तीच विद्या घेऊन मी सिंगापूरला आलो, आणि मागच्या जानेवारीत एका कुटुंबाला इथून परत पाठवायला तिने हातभार लावला. किती, ते मला नक्की सांगता येणार नाही. पण लावला, आणि तो माझा होता.

मी सत्तेचाळीस वर्षांचा आहे. क्वीन्सटाउनच्या एका ऑफिसात सॉफ्टवेअरचे प्रोजेक्ट सांभाळतो, हाताखाली बावीस माणसं आहेत, आणि मी कॉमिक्स वाचतो. बायको त्याला ‘तुझी चित्रांची पुस्तकं’ म्हणते. चोआ चू कांगहून निघायचं, जुरॉंग ईस्टला एमआरटी, म्हणजे इथली मेट्रो, बदलायची, संध्याकाळी तसंच परत यायचं. दिवसभरात तेवढ्याच वेळात मला कुणी काही विचारत नाही. जुन्या ॲपमध्ये चौकटीवर बोट टेकवलं की ती एकच चौकट फोनभर मोठी व्हायची, पुन्हा टेकवलं की पुढची. एका हाताने दांडा धरून दुसऱ्या हाताने आख्खा अंक संपवता यायचा. अकरा वर्षांत जवळजवळ चारशे अंक जमले होते, आणि कुठल्या अंकात कुठल्या पानावर थांबलो होतो, ते ॲपला बरोबर ठाऊक असायचं.

एका सोमवारी मेल आला. ‘आपणास कळविण्यास अत्यंत आनंद होत आहे की’ अशी सुरुवात होती. हे वाक्य मी स्वतः ग्राहकांना निदान वीस वेळा पाठवलेलं आहे, त्यामुळे आता आपलं काहीतरी जाणार, हे मला तिथेच कळलं. जुनं ॲप बंद, त्याच्या जागी नवीन. नव्यात एक-एक चौकट मोठी होत नव्हती. आख्खं पान फोनच्या पडद्यावर आकसून यायचं आणि अक्षरं मुंगीएवढी दिसायची. समोरासमोरची दोन पानं तोडलेली, त्यामुळे इमारतीवरून उडी मारणारा माणूस एका पानावर आणि तो जिथे पडतो ती गच्ची दुसऱ्या. थांबलेल्या पानांच्या खुणा गेल्या त्या गेल्याच. चारशेच्या चारशे अंक पहिल्या पानावर येऊन उभे.

माझा राग पटकन येतो, पण येतो तो नीट कपडे करून. मी तक्रार नोंदवली. आमच्या धंद्यात तिला तिकीट म्हणतात, आणि धंद्यातलाच असल्याने कुठे बोट ठेवलं की दुखतं हे मला माहीत होतं. ‘वरिष्ठांच्या निदर्शनास आणावे’ हे शब्द घातले. तिकीट बंद झालं की मी ते पुन्हा उघडायचो, कारण बंद केलेलं तिकीट उघडलं की ते हाताळणाऱ्याच्या नावावर लाल खूण पडते. चार वेळा उघडलं. उत्तरं सभ्य यायची, खाली कसल्याशा परदेशी नावाची सही. सपोर्टच्या लोकांना अशी नावं कंपनी देते, खरी नसतात. चौथ्या वेळी मी शेवटी एक वाक्य टाकलं. लिहिलं इंग्रजीत, पण चव अस्सल पुण्याची होती: ‘ज्याने आयुष्यात एक तरी पुस्तक शेवटपर्यंत वाचले आहे, अशा माणसाकडे हे काम सोपवावे.’ पाठवण्याआधी मी ते तीनदा वाचलं. वडिलांची आठवण आली.

पाच दिवसांनी उत्तर आलं. ‘सोबत एक फाइल जोडली आहे. कृपया वेळ काढून ती जरूर उघडून पाहावी.’ असल्या फाइली मला पाठ आहेत. ॲप काढून टाका, पुन्हा घ्या, फोन बंद करून चालू करा. माझी माणसं वर्षानुवर्षं हेच जोडून पाठवत आली आहेत, त्यातला काही मजकूर मीच मंजूर केलेला आहे. मी फाइल उघडली नाही. खाली ‘आमची सेवा कशी वाटली?’ म्हणून पाच तारे होते. मी एकावर बोट टेकवलं आणि बुकित बातोक स्टेशन यायच्या आत विषय संपवला.

दोन दिवसांनी रविवारी आमच्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. बायका हॉलमध्ये, आम्ही पुरुष गुळपोळीच्या ताटल्या घेऊन बेडरूममध्ये. समोरच्या ब्लॉकमधलं, म्हणजे समोरच्या इमारतीतलं, जोडपंही आलं होतं, चार वर्षांच्या मुलीला हलव्याचे दागिने घालून. दोन वर्षांपूर्वी ते नाशिकहून आले, तेव्हा पोहे कुठे मिळतात इथपासून सगळं आम्हीच दाखवलं होतं. तो मला दादा म्हणायचा. काय करतोस, असं मी पहिल्याच भेटीत विचारलं होतं. ‘एका ॲपचा सपोर्ट बघतो,’ म्हणाला. सपोर्ट म्हटल्यावर मी पुढचं विचारलं नाही. आमच्यातही वरची-खालची पंगत असते. बनवणारे वर, निस्तरणारे खाली. कुठलं ॲप, हे विचारायला मला दोन वर्षांत एकदाही सुचलं नाही.

त्याने माझ्या हातावर तिळगूळ ठेवला, वाकून नमस्कार केला आणि ‘गोड गोड बोला’ म्हणाला. मग माझ्याकडे बघून हसत क्षणभर तसाच उभा राहिला, मी काही म्हणेन म्हणून थांबल्यासारखा. मला वाटलं ताटली हवी असेल. मी ताटली दिली.

कुणीतरी फोनवरच्या वाचनाचा विषय काढला आणि मला निमित्तच मिळालं. मी माझी पत्रं वाचून दाखवली, वडिलांसारखीच, जागा घेत घेत. शेवटच्या वाक्याला बेडरूम दणाणली. दारात उभी असलेली माझी मुलगी म्हणाली, “बाबा, सो मीन लाह!” किती दुष्ट आहेस, असं इथल्या शाळेतल्या इंग्रजीत. त्यावरही सगळे हसले. समोरच्या ब्लॉकमधला तो एकटा हसत नव्हता.

“मग त्याने काही पाठवलं का, दादा?” त्याने विचारलं.

“पाठवलं ना! पण आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार? एक तारा देऊन मोकळा झालो.”

त्याने अर्धी गुळपोळी ताटलीत ठेवली. मुलीला झोप आली आहे म्हणाला आणि ते निघाले. मुलगी हॉलमध्ये चांगली धावत होती, हे मी पाहिलं होतं. तरी मला काही वाटलं नाही.

दहा दिवसांनी बायको भाजी चिरता चिरता म्हणाली, “अरे, समोरच्या ब्लॉकमधले परत चाललेत. त्याची नोकरी गेली. नवीन ॲप आलं ना त्यांचं, आता निम्मीच माणसं ठेवली. ज्यांना लोकांनी कमी तारे दिले, त्यांना काढलं म्हणे.”

“कुठलं ॲप?” मी दोन वर्षं उशिरा विचारलं.

“कॉमिक्सचं. तुला माहीत नव्हतं? तूच तर वाचतोस.”

नोकरी गेली की इथे राहायचा पास रद्द होतो आणि तीस दिवसांत निघावं लागतं. मुलीला इथल्या बालवाडीतून काढून नाशिकला शाळा शोधायची होती. हे सगळं बायको सांगत होती, आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा की, ते मी होतो हे त्याला माहीत असेल का. लाज वाटते सांगायला, पण त्याच्या आधी मला माझी काळजी वाटली. माहीत नसायला काय झालं? प्रत्येक तिकिटावर माझं नाव होतं. आणि वर मी त्याला समोर बसवून ते वाचून दाखवलं होतं.

तिळगूळ रथसप्तमीपर्यंत देता येतो. तेवढ्या निमित्ताने मी डबा घेऊन गेलो. वाटेत एकच वाक्य घोकत होतो: तो तू आहेस हे मला माहीत नव्हतं. वाक्य खरं होतं आणि पुरेसंही होतं. दार उघडंच होतं, हॉलभर खोकी, त्यातल्या एकावर त्याची मुलगी पाय हलवत बसलेली. “या दादा,” म्हणाला. त्याच्या बायकोने चहा केला. मी सामान कसं पाठवताय ते विचारलं, नाशिकच्या थंडीबद्दल बोललो, शाळांबद्दल बोललो. घोकलेलं वाक्य काही निघेना.

शेवटी तोच म्हणाला, “दादा, एक विचारू? ती फाइल तुम्ही उघडली होतीत ना? संक्रांतीच्या आधी?”

नाही म्हणायला हवं होतं. पण माणसाने काहीतरी करून पाठवलं, आणि आपण ते बघितलंसुद्धा नाही नि एक तारा दिला, हे त्याच्या घरात बसून कबूल करायची मला शरम वाटली.

“हो, उघडली होती ना,” मी म्हणालो. “छान होती.”

“बरं,” तो म्हणाला. “मला वाटलं होतं, नसेल उघडली.” मग त्याने डब्यातला एक लाडू घेतला, अर्धा मोडून मुलीला दिला. मी चहा संपवून उठलो. गोड बोला असं कुणीच कुणाला म्हटलं नाही.

घरी येऊन मी फाइल उघडली. माझ्या सगळ्या अंकांची यादी होती, मी वाचले त्या क्रमाने, आणि प्रत्येकापुढे मी थांबलो होतो ते पान. जुन्या ॲपच्या नोंदींमधून एक-एक शोधून हाताने लिहून काढल्याशिवाय ती तयार होणं शक्य नव्हतं, एवढं मला धंद्यामुळे कळतं. एका नावापुढे मराठीत लिहिलं होतं: ‘पान ८८. इथे सोडू नका, पुढचं प्रकरण सगळ्यात भारी आहे. मी तीनदा वाचलंय.’ आणि सगळ्यात खाली:

‘दादा, मी समोरच्या ब्लॉकमधला. ग्राहकाला ओळख द्यायची आम्हाला परवानगी नाही, म्हणून मेलमध्ये लिहिलं नाही. तुमचं नाव बघून हसूच आलं. नवीन ॲप मलाही आवडलेलं नाही. संक्रांतीला येतोच आहे, तेव्हा बोलू.’

म्हणजे तिळगूळ देऊन तो त्यासाठी थांबला होता. आणि नंतर मी जे वाचून दाखवलं, ते ऐकूनही त्याने इतके दिवस मनात माझ्यासाठी एक जागा ठेवली होती, की दादांनी फाइल उघडली नसेल, तो मी आहे हे त्यांना ठाऊक नसेल. त्याच्या घरी त्याचा चहा पीत मी ती जागाही काढून घेतली. सगळं वाचून, कळून-सवरून, चार लोकांत मी त्याचं हसं केलं, असं आता तो समजतो.

ते निघायला चार दिवस होते. आमच्या आणि त्यांच्या ब्लॉकमध्ये एक कार पार्क आणि मुलांची घसरगुंडी आहे, बाकी काही नाही. मी गेलो नाही. एक दिवस ऑफिसचं काम होतं, एक दिवस ते आवराआवरीत असतील असं स्वतःला सांगितलं, बाकीच्या दोन दिवसांना कारणही शोधलं नाही. शनिवारी सकाळी स्वयंपाकघराच्या खिडकीतून त्यांची टॅक्सी दिसली. डिकीत शेवटची बॅग मावत नव्हती. तो ती आडवी करून बघत होता, उभी करून बघत होता. मी ओटा धरून उभा होतो. मग ती मावली.

नव्या ॲपमध्ये आता चौकट मोठी करता येते. ‘आपल्या तक्रारींची दखल घेऊन’ असा मेल आला होता. मी पूर्वीसारखाच जुरॉंग ईस्टपर्यंत उभ्याने वाचतो. तो एक अंक तेवढा अठ्ठ्याऐंशीव्या पानावर आहे.

त्याचा नंबर फोनमध्ये आहे. ‘मी फाइल उघडली नव्हती’ असं मी कितीदा तरी लिहिलं आणि खोडलं. चारच शब्द आहेत. पोस्टमास्तरांना लिहिताना वडिलांना तीन पानं पुरायची नाहीत, आणि मलाही तक्रारीत कधी शब्द कमी पडले नाहीत. हे चार अजून गेलेले नाहीत.