पिक्चर सांगणारे मामा

पिक्चर बघणारे मराठवाड्यात ढिगानं सापडतील, पण पिक्चर सांगणारा माणूस एकच, आणि तो माझ्या बायकोचा मामा आहे! तरुणपणी मामा सोयगावहून एसटीनं शहरात यायचे, तीनचा खेळ बघायचे आणि दुसऱ्या दिवशी पारावर साऱ्या गल्लीला तो सांगायचे. सांगायचे म्हणजे काय, अख्खा करूनच दाखवायचे. घोड्याच्या टापा, वादळ, हिरोइनीचे हुंदके, सगळं त्या एकाच तोंडातून. दोन तासांचा पिक्चर मामांकडं साडेतीन तास चाले आणि मध्यंतर घेतल्याशिवाय ते एक सीन पुढं सरकत नसत. लोक म्हणायचे, "तिकीट कशाला काढायचं? मामा आणतेत की!"

आता मामा त्याच शहरात, सिडकोत मुलाकडं राहतात, आणि घरात जितकी माणसं तितके मोबाइल. नातीला सांगायला बसावं तर ती म्हणते, "आबा, मी बघितलाय." मग मामांनी व्हॉट्सअ‍ॅपवर आवाज भरून आम्हा सगळ्यांना पिक्चर पाठवायला सुरुवात केली. पहिला भाग आला की पंधरा मिनिटं शांतता, कारण मध्यंतर! एका लग्नात त्यांनी माझ्या मेव्हण्याला विचारलं, "ऐकला का रं?" तो शहाणा म्हणाला, "दुप्पट स्पीडनं ऐकला, मामा." झालं! "अरे, माझी हिरोइन रडती का भांडती, ते तरी कळलं का तुला?" असं म्हणून मामा भरल्या पंगतीतून उठले. त्या दिवसापासून आवाज यायचे बंद झाले. खोटं कशाला बोलू, मला फार चुकल्याचुकल्यासारखं वाटायला लागलं.

परवा रविवारी गेलो, तर मामा गॅलरीत गप्प बसलेले. एवढा बोलका माणूस असा बघवेना. म्हटलं, "मामा, तो म्हाताऱ्या पोस्टमनचा नवा पिक्चर सांगा ना. मी पाहिला नाही." धडधडीत थाप! दोनदा पाहिला होता. मामांनी आधी आढेवेढे घेतले, मग जे सुटले ते सुटलेच. सायकलची घंटी वाजली, कुत्री भुंकली, मध्यंतरात चहा झाला. शेवटाला आवाज खाली आणून ते म्हणाले, "आन् मंग त्यो पोस्टमन मरतो."

"मरत नाही हो, मामा!" माझ्या तोंडून निसटलंच.

मामा थांबले. चष्म्यावरून बघत म्हणाले, "पाहिला व्हय, जावईबापू? मला पहिल्यापासनंच वहीम होता, म्हणूनच मारला त्याला."

मी ओशाळून मान हलवली.

"तरी इतका वेळ बसले?"

"बसलो."

मामा खुर्ची माझ्याजवळ ओढून म्हणाले, "मंग नीट बसा. आता खरा शेवट सांगतो."