ओनुकींनी न मागितलेला शिक्का

तीन आठवड्यांपूर्वी ओनुकींच्या मुलीची ईमेल आली. बाबा गेले... आणि खाली एक प्रश्न. त्यांच्या कामांच्या यादीत रियाधची मालिका लिहायची का? ती मालिका ते अर्धवट टाकून आले, असं सगळे म्हणतात.

ओनुकी जपानी ॲनिमेशन दिग्दर्शक. २००५च्या सुमारास रियाधच्या अल मलाझ भागातल्या आमच्या स्टुडिओत मुलांसाठी मोती काढणाऱ्या पाणबुड्यांची मालिका करायला आले. तीस वर्षं दोन मुख्य चित्रांमधली 'मधली चित्रं' काढल्यावर मिळालेली ही त्यांची स्वतःची पहिली मालिका. इकामा म्हणजे राहण्याचा परवाना, पासपोर्ट, व्हिसा ही कामं माझी. माणसं खुर्चीतून कशी उठतात, हे ते स्टॉपवॉच लावून मोजत. एकदा कफीलनं, आमचे व्हिसे ज्याच्या हाती त्या मालकानं, हाक मारली, मी उठलो, तर घड्याळ बघून म्हणाले, "बसलेला आणि उभा, दोनच चित्रं. भ्यालेल्या माणसाला मधली लागत नाहीत." मीही हसलो.

सव्वीसपैकी एकोणीस भाग झाले आणि त्यांची आई आजारी पडली. दोन आठवड्यांची रजा. अरबी फॉर्मवर दोन चौकोन शेजारी शेजारी : जाऊन परत येणं आणि फायनल एक्झिट. त्या आठवड्यात मी कायमचे घरी निघालेल्या कामगारांचेच फॉर्म भरत होतो. हात सवयीनं फायनलवर गेला. पासपोर्ट परत आला तेव्हा शिक्का लगेच ओळखला. विमानाला पाच तास होते. कफीलला सांगितलं तर माझाही फायनल, आणि मुलगा दहावीत...

ओनुकींनी पासपोर्ट दोन्ही हातांनी घेतला. "ओके?"

"ओके. यल्ला, उशीर होतोय."

त्यांना परत येता आलं नाही. कफीलनं विचारल्यावर मी सांगितलं, त्यांनीच फायनल मागितला. जपानहून त्यांचे फोन यायचे. मी उचलणं बंद केलं. उरलेले भाग दुसऱ्यानं केले, मालिकेवरून त्यांचं नाव निघालं. 'काम टाकून पळालेला' ही बोलवा तिकडेही पोचली. पुन्हा दिग्दर्शन मिळालं नाही. शेवटपर्यंत ते इतरांसाठी मधली चित्रं काढत राहिले, असं मुलीनं लिहिलंय.

माझा मुलगा आता रियाधलाच बँकेत आहे. हे छापणार म्हटल्यावर फोनवर घाबरला. "बाबा, नका ना. मला इथंच राहायचंय."

"तेव्हाही तुझ्यासाठीच गप्प बसलो होतो."

"ते माझ्यावर नका ढकलू."

खरं होतं त्याचं. काल ओनुकींच्या मुलीला उत्तर पाठवलं. मालिका यादीत लिही. एकोणीस भाग तुझ्या बाबांचे. ते सोडून गेले नाहीत; मी त्यांना बाहेर काढलं. कोण म्हणतं विचारलं, तर माझं नाव सांग.