आत्यांचं थांबणं

साऱ्या हैदराबादेत एक चकार शब्द न काढता भाजीवालीला हरवू शकेल अशी बाई एकच आहे, आणि ती अंबरपेठेतल्या आमच्या गल्लीत राहते. आत्या माझ्या सख्ख्या नाहीत. गल्लीत सगळेच त्यांना आत्या म्हणतात. लहानपणी पोलिओने पाय गेले, पण दंड असे की बरणीचं घट्ट बसलेलं झाकण उघडायला सगळी गल्ली त्यांच्याकडे जाते, आणि त्यांनी लावून दिलेलं झाकण उघडायला पुन्हा त्यांच्याकडेच जावं लागतं. तीनचाकी स्कूटरवरून त्या तारनाक्याला कचेरीत जातात आणि संध्याकाळी पॅरा पॉवरलिफ्टिंगचा सराव करतात. या खेळात बाकावर उताणं झोपायचं, पाय पट्ट्यांनी बांधायचे, वजनाचा बार छातीपर्यंत आणायचा, तिथे क्षणभर अगदी स्थिर धरायचा आणि मगच दोन्ही हातांनी सारखा वर ढकलायचा. स्थिर धरला नाही, की पंचांचे लाल दिवे.

हा क्षणभराचा थांबा आत्यांनी बाकावरून उचलून सगळ्या संसारात नेला. काहीही विचारा, त्या आधी थांबतात. "आत्या, चहा घेणार?" शांतता. मग, "घेते." फोनवर तर लोक लाइन तुटली समजून ठेवून देतात. भाजीवाली भाव सांगते आणि आत्या तिच्याकडे नुसत्या बघत राहतात, ती बिचारी कासावीस होऊन "अक्का, कुछ तो बोलो ना!" म्हणत कोथिंबिरीची जुडी जास्तीची टाकते. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. वर्गात उत्तर येत असूनही मी अडखळते, हे रडगाणं मी एकदा त्यांच्यापुढे गायलं. त्या थांबल्या आणि म्हणाल्या, "थांबणं नियमात बसतं गं. थरथरणं बसत नाही."

अकरा वर्षं निवड हुकत हुकत शेवटी परदेशातल्या एका मोठ्या स्पर्धेत त्यांची वर्णी लागली. त्या दिवशी पप्पांनी आपली पिठाची गिरणी बंद ठेवली आणि माझा फोन तिथल्या डब्यांच्या रांगेला टेकवून सगळे बघत बसलो. तीन संधी मिळतात. तिन्ही फुकट गेल्या तर नावापुढे काहीच लागत नाही. पहिल्या वेळी बार छातीला टेकला न टेकला तोच वर. लाल दिवे. "उचललं की हो!" पप्पा ओरडले. "थांबल्या नाहीत पप्पा," मी म्हटलं. दुसऱ्या वेळी तेच. पप्पांनी कपाळावर हात मारला, "कोथिंबिरीसाठी तासभर थांबते, आणि आजच काय झालं हिला?"

तिसऱ्या वेळी बार छातीवर आला आणि थांबला. इतका थांबला, की शेजारचे पंक्चरवाले चाचा पुढे वाकून म्हणाले, "भाई, फोन अटक गया क्या?" पप्पा पडद्यावर बोट मारणार, तेवढ्यात बार सावकाश वर गेला. तिन्ही दिवे पांढरे.

आत्या सातव्या आल्या. गल्लीने पहिल्या आल्यासारखे पेढे वाटले. त्या परतल्यावर मी भीत भीत विचारलं, "आधीच्या दोन वेळा काय झालं होतं?" नेहमीसारख्या थांबल्या. मग म्हणाल्या, "घाई झाली गं. अकरा वर्षं थांबले होते ना."

यंदा त्यांचा खांदा दुखावला आणि डॉक्टरांनी बार बंद केला. घरातल्या सरावाच्या बाकावर आता इस्त्रीचे कपडे असतात. पाय बांधायच्या पट्ट्या मात्र अजूनही धुऊन दोरीवर वाळत घातलेल्या दिसतात. परवा न राहवून मी विचारलं, "आत्या, परत उचलणार ना?"

त्या थांबल्या. पूर्वी अशा वेळी मी मनात आकडे मोजायचे. परवा मोजले नाहीत. उत्तर जितकं उशिरा येईल तितकं बरं, असं वाटत राहिलं.