तात्यांचं शाईचं पेन

तात्या गेल्याचा निरोप होस्टेलवर आला तेव्हा त्यांना वाचून दाखवायचं कात्रण माझ्या खिशातच होतं. त्याला आता महिना झाला...

तात्या माझे चुलते. शिक्षण चौथी. पिंपरी पेंढारात बिबट्यानं शेळी मारली की वनखात्याच्या पंचनाम्यावर पंच म्हणून त्यांची सही असायची. एकदा शेजाऱ्याच्या शब्दावर, न बघताच त्यांनी सही केली. पिंजरा लागला, मादी अडकली, तिला दूर नेलं. पुढं ऊसतोडीत तिची दोन पिल्लं मेलेली सापडली. शेळी कुत्र्यांनी फाडली होती हेही कळलं. कुणी विचारलं नव्हतं, तरी तात्या जुन्नरच्या कचेरीत जाऊन ‘चूक माझी’ असं लिहून देऊन आले. त्यानंतर उकिडवं बसून ठसे पाहिल्याशिवाय त्यांनी पेनाचं टोपण काढलं नाही.

त्यांचा मुलगा संपतदादा कुवेतला ट्रक चालवायचा. इराकच्या लढाईत माल घेऊन सीमेपलीकडे गेला आणि पेटीतून घरी आला. पेटी उघडू नका, असं बरोबरच्या माणसानं बजावलं आणि देह ताब्यात मिळाल्याचा कागद पुढं केला. तात्या बराच वेळ पेटीकडे बघत राहिले. मग सही केली.

वर्षभरानं पेपरात आलं, की ज्या अस्त्रांची खबर देऊन लढाई सुरू केली, ती सापडलीच नाहीत. मी ओसरीवर वाचून दाखवलं.

“खबरीखाली सही कुणाची व्हती?”

“चूक सगळ्यांची मिळून झाली म्हणतात, तात्या. दोष कुणा एकाचा नाही.”

“शेळीच्या कागदावर बी नावं लागत्यात, राव. हितं येक न्हाई?”

चुलती आतून म्हणाली, “त्याला कशाला छळता? त्यानं लावली का लढाई?”

“कालेजात जातो ना त्यो. हुडकंल.”

मग दर शनिवारी एसटीतून उतरलो की विचारायचे, “घावलं का नाव?” मी शब्दकोश घेऊन इंग्रजी पेपर वाचायचो. निम्मं कळायचं नाही, हे त्यांना कधी सांगितलं नाही. खिशातल्या कात्रणातही तसं नाव नव्हतं. लढाई पुकारणारे साहेब पुन्हा निवडून आले, एवढंच होतं. ते वाचावं लागलं नाही म्हणून मला सुटल्यासारखं वाटलं, याची आजही लाज वाटते...

दहाव्याला गेलो तर सदरा खुंटीलाच होता, खिशात पेन. “तू ने,” चुलती म्हणाली. मी टोपण काढून तळहातावर रेघ ओढली. उमटली नाही. पेटीच्या कागदानंतर त्यांनी ते उघडलंच नव्हतं, असं ती म्हणाली.