आणि मित्रपरिवार

किळस हा शब्द आमच्या घरात पूर्वी फक्त पालीसाठी आणि दुधावरच्या गार सायीसाठी राखून ठेवलेला होता. माणसांसाठी राग, वैताग, कंटाळा असले घरगुती शब्द पुरायचे. चांगले कपडे घातलेल्या, हळू बोलणाऱ्या, दर वाक्याला आभार मानणाऱ्या माणसांचीही किळस येऊ शकते हे मला जर्मनीत, कोलोनला कळलं, तेही त्यांना आमच्याच घरचे बटाटेवडे वाढताना.

नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही तिथे राहत होतो. तो दिवसभर सॉफ्टवेअर लिहायचा आणि मी दिवसभर त्याच्या येण्याची वेळ बघायचे. चाळिशी उलटल्यावर माणूस योगासनं तरी सुरू करतो नाहीतर वाद्य तरी. योगासनांना वाकावं लागतं, म्हणून मी पियानो निवडला. शिकवणारे आमच्याच खालच्या मजल्यावर राहायचे. तुर्कस्तानातले, सत्तरीचे, एकटे. त्यांचा पियानो आमच्या न्हाणीघरातल्या पाइपातून वर ऐकू यायचा, आणि डोक्याला शांपू लावलेला असताना मी बऱ्याचदा तशीच उभी राहायचे.

मला पेटी येते, निदान लग्नाआधी यायची. पहिल्या दिवशी पियानोशी बसले आणि माझा डावा हात आपोआप पियानोच्या मागे गेला, भाता शोधायला.

“तिथे काय शोधताय?” त्यांनी जर्मनमध्ये विचारलं.

“हवा,” मी म्हटलं.

ते इतके हसले की खोकला लागला. पुढचे कित्येक महिने माझा उजवा हात सूर काढायचा आणि डावा हात नुसता हलायचा. मी त्यांना मास्तर म्हणायला लागले. त्याचा अर्थ सांगितल्यावर त्यांनी मान वाकवून तो स्वीकारला.

मास्तर कोण, हे मला शिकवणीच्या मधल्या फटींतून तुकड्या-तुकड्यांनी कळत गेलं. तिकडच्या एका रेडिओ स्टेशनवर ते वर्षानुवर्षं जॅझचा कार्यक्रम करायचे, दर आठवड्याला, थेट प्रसारण. स्वतः रचनाही करायचे. सात वादकांसाठी, त्यात पियानोवर ते स्वतः, त्यांनी एक मोठी रचना लिहिली होती, ती स्टेशनात ध्वनिमुद्रित झाली होती, आणि तिची एकुलती एक टेप तिथल्याच कपाटात होती.

त्यांच्या कामाची एक पद्धत होती. प्रत्येक तबकडीनंतर ते सगळ्या वादकांची नावं सांगायचे. पुढे उभं राहून वाजवणाऱ्याचं आणि कोपऱ्यात झांजा सांभाळणाऱ्याचं, दोन्ही सारख्याच आवाजात. मी विचारलं, लोकांना कंटाळा नाही यायचा? तर म्हणाले, “ज्यानं वाजवलं त्याचं नाव नाही घेतलं, तर मग वाजवलं कोणी? हवेनं?” आणि माझ्या डाव्या हाताकडे बघितलं.

मग तिकडे लष्करानं सत्ता घेतली. त्यांच्या सातांपैकी बास वाजवणारा, म्हणजे ते माणसाहून उंच, खांद्याला टेकवून वाजवायचं तंतुवाद्य वाजवणारा, पोलिसांनी उचलला आणि तो कोठडीतून जिवंत बाहेर आला नाही. त्याचं नाव स्टेशनवर उच्चारायचं नाही, असा तोंडी हुकूम आला. त्या आठवड्यात मास्तरांनी आपलीच रचना लावली आणि सातही नावं वाचली. दुसऱ्या दिवशी, वर्षानुवर्षं सलाम ठोकणाऱ्या दरवानानं त्यांना ओळखलं नाही. त्यानंतर ते सरहद्द ओलांडून जर्मनीत आले आणि मागून त्यांचं नागरिकत्व रद्द झालं. हे सगळं त्यांनी मला पियानोवर बोटं कशी ठेवायची ते सांगतात तितक्याच निर्विकारपणे सांगितलं, आणि म्हणाले, “चला, डावा हात.”

एक दिवस शिकवणीत त्यांचं लक्ष नव्हतं. तिकडच्या रेडिओचा फोन आला होता. जुन्या संगीतकारांवर मालिका करताहेत, त्यांची ती रचना पुन्हा लावणार आहेत. प्रस्तावना मास्तरांच्याच आवाजात हवी, ती घ्यायला माणूस घरी येणार आहे.

“इतक्या वर्षांनी तुमचं संगीत ऐकायला मिळेल तुम्हाला,” मी म्हटलं.

“माझं संगीत मला पाठ आहे,” ते म्हणाले. “त्याचं वाजवणं पाठ नाही. मला तो बास एकदा ऐकायचाय.”

घरात ऑलिव्ह आणि चहाखेरीज काही नसायचं, म्हणून खाण्याचं मी अंगावर घेतलं. सासूबाई तेव्हा व्हिसाचे तीन महिने आमच्याकडे काढत होत्या. सासरे विमानाला घाबरून पुण्यातच राहिले होते. वड्याचं सारण माझ्या हातचं चालणार नाही असं सासूबाईंनी ठरवलं आणि खाली मास्तरांकडेही त्याच पुढे निघाल्या.

रेडिओचा माणूस पन्नाशीचा होता, रेशमी मफलरचा. आल्याआल्या त्यानं मास्तरांचा हात धरून त्याचं चुंबन घेतलं आणि तो आपल्या कपाळाला लावला. तिकडे वडीलधाऱ्यांना असाच मान देतात. मास्तरांनी हात परत घेतला आणि पँटला पुसला. बरोबर एका जर्मन मैत्री-प्रकल्पाच्या बाई होत्या, मालिकेला पैसे त्यांचे. त्यांच्यासाठी सगळे जर्मनमधून बोलत होते, म्हणून मला कळलं. न कळतं तर बरं झालं असतं. बाईंनी वडा काट्या-चमच्यानं उघडला, आत डोकावून पाहिलं, “किती अस्सल!” म्हणाल्या आणि मास्तरांना वड्यांची ताटली हातात धरायला लावून फोटो काढला.

“एकच बारीकशी गोष्ट,” रेडिओवाला मफलर नीट करत म्हणाला. “नावं. तुमचं नाव घेऊ, आणि पुढे ‘आणि मित्र’.”

“बाकीच्या सहांची?”

“पाच चालली असती. पण मग लोक विचारतील, सहावा कुठाय? त्यापेक्षा सगळे मिळून मित्र. उबदार वाटतं.”

“गेनाऊ, अगदी बरोबर,” बाई म्हणाल्या. “जुन्या जखमा कशाला? आल्झो, म्हणजे शेवटी संगीत महत्त्वाचं, नावं नाहीत.”

त्यांनी टेबलावर ठेवलेल्या कार्डावर त्यांच्या नावाआधी दोन पदव्या होत्या.

आमच्याकडे वाढदिवसाच्या फ्लेक्सवर बाळ्या, पिंट्या, सगळ्यांचे चेहरे छापून झाले की जागा संपते आणि खाली ‘आणि मित्रपरिवार’ येतं. त्यात निदान बिचारी जागाच संपलेली असते. इथे तर जागाच जागा होती.

मास्तरांनी प्रस्तावना वाचली. सात नावं, सारख्या आवाजात. रेडिओवाल्यानं वादही घातला नाही. “सुंदर,” म्हणाला, “ती बाकीची आम्ही कापू.” आणि आम्हाला मौज म्हणून लॅपटॉपवर दाखवलं. आवाजाची रेघ होती, त्यात प्रत्येक नावाचा एकेक उंचवटा. त्यानं आधी बासवाल्याचा उंचवटा निवडला, एक कळ दाबली, दोन्हीकडची रेघ पुढे सरकली आणि जुळली. “बघा, टाकासुद्धा दिसत नाही.” बाई कौतुकानं वाकून बघत होत्या आणि त्यांच्या ओठाला सासूबाईंची हिरवी चटणी लागली होती. मी वड्यांची ताटली त्यांच्यापुढून जरा लांब सरकवली. पूर्वी हुकूम द्यायला कोणाला तरी आवाज चढवावा तरी लागला असेल.

“काय गं, काय चाललंय?” सासूबाईंनी विचारलं. मी थोडक्यात सांगितलं.

“म्हणजे नाव घेतलं म्हणून यांना घराबाहेर काढलं?” त्या म्हणाल्या. “आमच्यात तर घेतल्याशिवाय आत घेत नाहीत.”

“काय म्हणतात त्या?” मास्तरांनी विचारलं.

आता आली का पंचाईत. माझ्या जर्मनमध्ये उखाणा बसवणं म्हणजे मारुतीच्या देवळात पियानो चढवणं. तरी सांगितलं: आमच्याकडे बायका नवऱ्याचं नाव एरवी तोंडातून काढत नाहीत, पण नवी नवरी सासरी आली की उंबऱ्यावर अडवतात आणि नाव घेतल्यावरच आत सोडतात. तेही नुसतं नाही, कवितेत गुंफून.

“दाखवाच,” मास्तर म्हणाले.

सासूबाईंनी पदर सारखा केला.

“बाहेर पडलाय बर्फ, अंगात दोन-दोन स्वेटर,
अमुकरावांच्या कुरकुरीपेक्षा इथला हीटर बेटर.”

अमुकच्या जागी त्यांनी खरं नाव घेतलं. ते मी इथे लिहीत नाही, सासरे वाचतात.

“त्यांना सांग,” सासूबाई मला म्हणाल्या, “आता यातून आमच्या ह्यांना काढून दाखवा म्हणावं त्या मफलरला. ओळच कोसळेल. नाव असं मोकळं ठेवायचं नसतं हो, उचलून न्यायला.”

मी सांगितलं. मास्तर हसले नाहीत. उठले, पियानोशी बसले आणि रेडिओवाल्याला म्हणाले, “पुन्हा घ्या.”

त्यांनी रचनेची सुरुवात वाजवली, डाव्या हातानं बासची चाल धरली आणि त्या चालीवर नावं सांगायला लागले. घाई नाही, गाणं नाही, त्यांचा तो जुना रेडिओचा आवाज असावा. बासवाल्याचं नाव आलं तेव्हा खालचा सूर दाबलेलाच होता, तो नावाच्या आधीपासून नंतरपर्यंत घुमत राहिला. नाव काढायचं तर सूर तुटला असता, आणि बहिऱ्यालाही कळला असता.

रेडिओवाल्यानं हेडफोन हळूच काढले. “हे कापता येणार नाही.”

“नाही येणार,” मास्तर म्हणाले. “स्टेशनवर नव्या पोरांना टेप कापायला मीच शिकवायचो.”

“अप्रतिम,” तो म्हणाला. अजूनही हसत होता. जाताना त्यानं पुन्हा हात मागितला, तेव्हा मास्तरांच्या दोन्ही हातांत चहाचे पेले होते. बाईंनी दोन वडे नॅपकिनमध्ये बांधून नेले.

“जमलं की हो,” वर जाताना सासूबाई म्हणाल्या. मलाही तसंच वाटलं होतं.

प्रसारण एका रविवारी दुपारी होतं. मास्तरांकडे इंटरनेट नव्हतं, म्हणून ते वर आमच्या स्वयंपाकघरात आले, कोट घालून. नवऱ्यानं लॅपटॉपला बाहेरचे स्पीकर जोडले. सुरुवातीला एका तरुण मुलीचा आवाज आला, गोड. ती बरंच काही बोलली.

“तुमचा आवाज कधी येणार?” नवऱ्यानं विचारलं.

“येणार नाही,” मास्तर म्हणाले. “आत्ता ती ‘आणि मित्र’ म्हणाली.”

कापता येत नव्हतं, म्हणून त्यांनी मास्तरांनाच अख्खं बाजूला ठेवलं होतं. मी शहाणी त्यांना विचारणार होते, बंद करू का. पण रचना सुरू झाली आणि त्यांनी बोट वर केलं. नवऱ्याच्या मते संगीत म्हणजे लिफ्टमध्ये वाजतं ते, पण तोही जागचा हललेला मला दिसला नाही. मधे बाकीचे थांबले आणि बास एकटाच वाजायला लागला. त्यातलं मला काय कळतंय, पण सावकाश बोलणारा माणूस शब्द शोधतो तसं ते होतं. मास्तर स्पीकरकडे नाही, लादीकडे बघत होते.

संपल्यावर सासूबाईंनी मला कोपरानं ढोसलं. “विचार की.”

“बास कसा होता?” मी विचारलं.

“मला आठवत होता त्याहून चांगला,” मास्तर म्हणाले. “फार चांगला. आणि यांच्याकडून ऐकावा लागला.” त्यांनी तोंड असं केलं, जशी काही चहात माशी निघाली.

तेवढ्यात ती गोड मुलगी पुन्हा आली आणि आभाराची यादी वाचायला लागली. मास्तर आम्हाला एकेक सांगू लागले. मालिकेला साहाय्य करणारा मैत्री-प्रकल्प. प्रकल्पाच्या बाई.

“दोन्ही पदव्यांसकट?” मी विचारलं.

“दोन्ही.” मग निर्माता, म्हणजे आपला मफलर. त्याचे दोन मदतनीस. एक बँक. एक मिठाईवाला. मुलगी प्रत्येक नाव सुटं, स्वच्छ, सारख्या आवाजात वाचत होती.

“छान वाचते,” मास्तर म्हणाले. “कोणाला गिळत नाही.”

नवऱ्याला ते ऐकवेना, त्यानं लॅपटॉप मिटायला हात पुढे केला.

“थांबा,” मास्तर म्हणाले, “अजून विमान कंपनी राहिली असेल.”

आणि ती आलीच.