विरुद्ध बाजूची साक्षीदार

खडकीहून निघालेली प्रेमला पावणेअकराच्या आत कोर्टात हजर नाही, असं एकोणतीस वर्षांत घडलं नव्हतं. न्यायाधीश सांगतील ते लघुलिपीत टिपायचं आणि संगणकावर उतरवायचं, ही तिची नोकरी. न्यायाधीश येत, बदलून जात. नाटकात राजे बदलावेत आणि तुतारीवाला तोच राहावा, तशी ती न्यायासनाखालच्या टेबलाशी बसून होती.

तिनं पाहिलेल्या सगळ्या राजांत न्यायाधीश यज्ञेश्वर माहुलीकर सर्वांत विषारी. आवाज मात्र काय! खर्जातला, शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा. भरल्या कोर्टात त्याच आवाजात ते विचारत, "प्रेमलाबाई, आपण टायपिंग करता की तांदूळ निवडता?" वकील हसत. प्रेमला मान खाली घालून लिहीत राही.

म्हणून साहेबांविरुद्ध खात्याची चौकशी लागली तेव्हा, खोटं कशाला बोला, तिला गोड वाटलं. आरोप असा : एका जामीन अर्जावर युक्तिवाद झाला चौदा तारखेला; पण निकालाची फाइल संगणकावर तयार झाल्याची तारीख निघाली चार. म्हणजे कुणाच्या तरी सांगण्यावरून साहेबांनी ऐकण्याआधीच निकाल लिहून ठेवला. सिद्ध झालं तर नोकरी जाणार होती. निकाल टाइप केला होता प्रेमलानं, तेव्हा खात्यानं तिलाच साहेबांविरुद्ध साक्षीला बोलावलं.

बोलावणं तिनं दोनदा वाचलं. त्या चार तारखेचं कारण तिला ठाऊक होतं. तिथली कुठलीही स्टेनो कोरी फाइल उघडत नसे. जुना निकाल उघडायचा, कोर्टाचं नाव, समास, सहीची जागा तशीच ठेवायची, मधला मजकूर पुसून नवा टाइप करायचा आणि नव्या नावानं जतन करायचा. वेळ वाचतो. पण फाइलच्या पोटात तारीख राहते ती जुन्या निकालाची. असं करू नये, असं परिपत्रक होतं. वाचल्याची तिची सहीही त्यावर होती. आणि निवृत्तीला उरले होते तीन महिने.

"आठवत नाही म्हण आणि मोकळी हो," शेजारच्या टेबलावरची हेमा डबा उघडत म्हणाली. "मला सगळ्यांसमोर रडवलंय त्यांनी. सडू देत."

"पण निकाल त्यांनी चौदालाच सांगितलाय, हेमा. युक्तिवाद संपल्यावर."

"मग? दुसऱ्याला कधी पुरतं बोलू दिलं त्यांनी?"

"नाही दिलं."

"झालं तर! पोळी घे."

चौकशीच्या दिवशी खात्याची बाजू मांडायला घाणेकर नावाचे अधिकारी होते. समोर माहुलीकर, चेहरा राखेसारखा. त्यांनी तिच्याकडे पाहिलंही नाही.

"फाइलवर चार तारीख आहे? हो की नाही, एवढंच सांगा," घाणेकर म्हणाले.

"आहे. पण..."

"पण नको, बाई."

झालं होतं. तिनं खुर्ची सोडली असती, तर साहेबांचा खेळ तिथंच संपला असता. प्रेमला चौकशी करणाऱ्या वरिष्ठ न्यायाधीशांकडे वळली. "साहेब, एवढंच लिहिलंत तर अर्धवट लिहिलं जाईल." आणि तिनं सगळं सांगितलं, परिपत्रकासकट.

घाणेकरांचा आवाज चढला. "हे आज सुचलं? हा फौजदारी खटला नाही. इथं संशयापलीकडचा पुरावा लागत नाही. जे जास्त शक्य वाटतं, तेवढ्यावर भागतं."

"मग जास्त शक्य काय, ते बघून तरी घ्या. माझ्या संगणकावरचे कुठलेही पाच निकाल काढा."

काढले. पाचही फाइलींच्या तारखा युक्तिवादाच्या आधीच्या. एक खटला तर दाखल व्हायच्या आधीच निकाली निघाला होता! वरिष्ठ न्यायाधीश चष्मा काढून पुसू लागले.

"माहुलीकरांशी आपलं बरं जमतं, दिसतंय," घाणेकर म्हणाले.

"मला त्यांचा तिटकारा आहे. तेही लिहून घ्या. पण हा निकाल त्यांनी ऐकूनच दिलाय."

बाहेर व्हरांड्यात माहुलीकर तिच्यासमोर थांबले. "म्हणजे माझ्यावर हे बालंट आपल्या आळसामुळे आलं."

"हो, साहेब. म्हणून तर बोलले," प्रेमला म्हणाली. तिनं प्रथमच त्यांच्या डोळ्यांत पाहिलं. "आपणही यापुढे लोकांना पुरतं बोलू द्या."

ते पाठ फिरवून निघून गेले.

महिन्याभरानं कळलं, आरोप सिद्ध झाला नाही. त्याच दिवशी प्रेमलाच्या नावानं कारणे दाखवा नोटीस आली. हेमानं ती टेबलावर आपटली. "घे, तुझ्या साहेबांचा आशीर्वाद."

प्रेमलानं पोच दिली, कागद पुढे ओढला आणि खुलासा लिहायला बसली. चूक मान्य आहे, असं लिहिलं. मग त्याखाली लिहिलं : शिक्षा ठरवण्यापूर्वी मला समक्ष बोलावून माझं म्हणणं पूर्ण ऐकावं, ही विनंती.